पर्पेतुआ : कार्थेजच्या तुरुंगातून आलेलं नाव

कॅथलिक मिस्साच्या, म्हणजे चर्चमधल्या मुख्य उपासनेच्या, सर्वांत जुन्या मुख्य प्रार्थनेला रोमन कॅनन म्हणतात. तिच्या शेवटाकडे सात स्त्रियांची नावं एका दमात घेतली जातात : फेलिसितास, पर्पेतुआ, आगाथा, लुसिया, अ‍ॅग्नेस, सेसिलिया, अनास्तासिया. गोव्यात, वसईत किंवा वांद्र्याच्या जुन्या वाड्यांमध्ये लुसी, अ‍ॅग्नेस, सेसिलिया शोधाव्या लागत नाहीत. आगाथाही भेटते. पर्पेतुआ मात्र विरळा. भेटलीच तर बहुधा आजीच्या पिढीतली. यादीत मान दुसरा असूनही हे नाव मागे का पडलं, याचं उत्तर थोडं शब्दात आहे आणि बरंचसं इतिहासात.

बाळांच्या नावांच्या पुस्तकांत पर्पेतुआचा अर्थ 'शाश्वत' असा एका शब्दात उरकलेला असतो. तो चूक नाही, पण ढोबळ आहे. लॅटिनमध्ये शाश्वतासाठी 'एतेर्नुस' हा वेगळा शब्द होता. 'पर्पेतुउस' म्हणजे मधे खंड न पडता सलग चालत राहणारं. डोंगरांची अखंड रांग, मधे न थांबता केलेलं भाषण, मुदत न घातलेलं पद, या सगळ्यांना हे विशेषण लागे. 'पेर' म्हणजे आरपार आणि 'पेतेरे' म्हणजे एखाद्या दिशेने जाणं, झेपावणं. भाषाशास्त्रज्ञ या दोन्हींची नाळ संस्कृतातल्या 'परि' आणि 'पत्' यांच्याशी जोडतात, म्हणजे आपल्या 'पतन'मधला धातू या नावाचा लांबचा नातलग ठरतो.

रोमन माणसाला हा शब्द देवघरापेक्षा कचेरीतला वाटला असता. प्रेटर म्हणजे न्यायाधिकारी, त्याच्या आदेशांना सम्राट हेड्रियनच्या काळात जे कायमचं रूप मिळालं, ते 'एदिक्तुम पर्पेतुउम'. उत्तर आफ्रिकेच्या शहरांत सापडलेल्या शिलालेखांवर 'फ्लामेन पर्पेतुउस' ही पदवी जागोजागी दिसते. सम्राटपूजेच्या पुजाऱ्याला मिळणारा तो तहहयात मान. इसवी सनापूर्वी ४४ मध्ये ज्युलियस सीझरने स्वतःला 'दिक्तातोर पर्पेतुओ' म्हणवून घेतलं, तसं नाण्यांवर कोरवलं, आणि काही आठवड्यांत त्याचा खून झाला. हाच शब्द इंग्रजी कायद्यातून आपल्या दिवाणी कोर्टांपर्यंत पोहोचला. जमिनीच्या दाव्यात वकील 'पर्पेच्युअल इंजंक्शन' म्हणजे कायम मनाईहुकूम मागतो, तो याच घराण्यातला.

असा शब्द मुलीचं नाव कसा झाला? रोममध्ये मुलीला मुळात स्वतःचं असं नाव नसायचं. बापाच्या कुळाचं नाव स्त्रीलिंगी केलं की झालं. जुलियस कुळातली ती जुलिया, कॉर्नेलियस कुळातली ती कॉर्नेलिया. दोन बहिणी असल्या तर थोरली आणि धाकटी, तिसरी झाली तर 'तेर्तिया', म्हणजे तिसरीच. साम्राज्याच्या काळात कुळनावाला एक जोडनाव लावायची पद्धत रुळली आणि मुलींना निदान तेवढं वेगळेपण मिळालं. उत्तर आफ्रिकेत ही जोडनावं भरपूर अर्थवाही असत : फेलिक्स (भाग्यवान), फोर्तुनातुस, व्हिक्तोर, दोनातुस (दिलेला). यातली बरीचशी जुन्या प्युनिक, म्हणजे रोमनांआधीच्या कार्थेजच्या भाषेतल्या, नावांची लॅटिन रूपं. सातुर्निनुस हे नाव तिथे इतकं का चालायचं? कारण रोमनांचा सॅटर्न हा स्थानिकांच्या लेखी त्यांचा जुना देव बाल हम्मोनच होता. 'अखंड राहो' अशा अर्थाचं पर्पेतुआ या मांडवात अगदी सहज बसतं. ते जन्माने ख्रिस्ती नाव नव्हे. ज्या घरात ते ठेवलं गेलं, त्या घरातला बाप शेवटपर्यंत रोमन देवांनाच मानणारा होता.

त्या मुलीचं पूर्ण नाव व्हिबिया पर्पेतुआ. व्हिबिया हे कुळाचं नाव. साल २०३, राज्य सेप्तिमियस सेव्हेरसचं, शहर कार्थेज, म्हणजे आजच्या ट्यूनिस शहराचं उपनगर. वय सुमारे २२. तिच्याबद्दलचा लॅटिन मजकूर तिची ओळख तीन तुकड्यांत करून देतो : चांगल्या घरातली, शिकलेली, रीतसर लग्न झालेली. आईवडील हयात, दोन भाऊ, अंगावर पिणारा एक मुलगा. नवऱ्याचा मात्र मजकुरात कुठेही पत्ता नाही, आणि तो का नाही यावर अभ्यासकांनी भरपूर शाई खर्च केली आहे. तिला पकडलं तेव्हा तिचा बाप्तिस्माही झालेला नव्हता, ती धर्मशिक्षण घेत होती. सोबत रेव्होकातुस आणि फेलिसितास हे दोन गुलाम, सातुर्निनुस आणि सेकुंदुलुस. त्यांचा शिक्षक सातुरुस नंतर आपणहून हजर झाला.

या मजकुराचं मोल असं की त्याच्या मधल्या भागात पर्पेतुआ स्वतः बोलते. तिने तुरुंगात टिपणं ठेवली आणि कुणा संपादकाने त्यांना आगापिछा जोडला, असं बहुतेक विद्वान मानतात. काहींना शंका आहेत, पण ते खरं धरलं तर एका ख्रिस्ती स्त्रीच्या हातचं हे सर्वांत जुन्या लेखनांपैकी एक ठरतं. भाषा साधी, जवळजवळ बोलण्यातली. तुरुंगातला अंधार, गर्दीचा उकाडा, शिपायांची पैशांसाठी चाललेली दमदाटी, आणि या सगळ्याहून जास्त भुकेल्या बाळाची काळजी. दोन डीकन, म्हणजे चर्चचे सेवक, लाच देऊन कैद्यांना काही तास जरा बऱ्या कोठडीत हलवतात. पुढे बाळाला जवळ ठेवायची परवानगी मिळते, तेव्हा ती लिहिते की तुरुंगच मला अचानक महालासारखा झाला.

आणि याच टिपणांत नावाबद्दलचा एक छोटा संवाद आहे. नावाचा इतिहास सांगताना तो सहसा कुणी सांगत नाही, हे मला नवलाचं वाटतं. बाप तिला भेटायला आला आहे, धर्म सोड म्हणून विनवतो आहे. ती समोर पडलेल्या भांड्याकडे बोट दाखवते.

"बाबा, हे भांडं दिसतंय ना तुम्हाला? पाण्याचा तांब्या म्हणा, काही म्हणा."

"दिसतंय."

"जे ते आहे, त्याहून वेगळ्या नावाने त्याला हाक मारता येईल?"

"नाही."

"मग मीही जी आहे, तिच्याहून वेगळं काही स्वतःला म्हणवू शकत नाही. मी ख्रिस्ती आहे."

बाप या शब्दावर इतका भडकतो की डोळे काढायला आल्यासारखा तिच्या अंगावर धावतो. पुढच्या भेटीत तोच म्हातारा तिचे हात धरून रडतो, माझ्या पांढऱ्या केसांची तरी दया कर म्हणतो. चौकशीच्या वेळी तो बाळ हातात घेऊन पुढे येतो, आणि हिलारियानुस हा अधिकारी त्याला छडीने हाणायचा हुकूम देतो. त्याच्या म्हातारपणाचं मला फार वाईट वाटलं, असं ती लिहिते. बेत मात्र बदलत नाही.

शिक्षा ठरली श्वापदांच्या तोंडी देण्याची, तीही सम्राटाचा धाकटा मुलगा सीझर गेता याच्या वाढदिवसाच्या खेळांत. फेलिसितास तेव्हा आठ महिन्यांची गरोदर होती आणि कायद्याने गरोदर बाईला मारता येत नसे, त्यामुळे आपण मागे राहू ही तिला धास्ती. ती आठव्याच महिन्यात मोकळी झाली, मुलगी झाली, ती एका ख्रिस्ती बाईने वाढवली. ७ मार्चला रिंगणात दोघींवर पिसाळलेली गाय सोडली. पर्पेतुआ फेकली गेली. तिने उठून फाटलेला अंगरखा मांडीवर ओढून घेतला आणि केसांसाठी पिन मागितली, कारण मोकळे केस म्हणजे सुतकाची खूण आणि तिला सुतकी दिसायचं नव्हतं. शेवटी नवशिक्या ग्लॅडिएटरचा वार हाडावर बसला, तेव्हा त्याचा थरथरता हात तिने स्वतः आपल्या गळ्याशी नेला, असं संपादक सांगतो.

इथून नावाचं दुसरं आयुष्य सुरू होतं. काही वर्षांतच कार्थेजचाच लेखक तेर्तुलियन तिचा उल्लेख करतो. ३५४ सालच्या रोमच्या पंचांगात ७ मार्चपुढे या दोघींची नोंद आहे, समोर 'आफ्रिकेच्या' असा खुलासा. पाचव्या शतकाच्या आसपास आफ्रिकन बिशप ऑगस्टीन त्यांच्या सणाला प्रवचन करताना दोन्ही नावं जोडून श्लेष करतो : 'पर्पेतुआ फेलिसितास' एकत्र वाचलं की 'अखंड सुख' असा अर्थ होतो. कोट्या करायची हौस संतांनाही चुकत नाही. रावेन्नाच्या सांत अपोलिनारे नुओव्हो चर्चमध्ये सहाव्या शतकातल्या मोझेकवर कुमारिकांची जी लांब मिरवणूक आहे, तीत या दोघी आई असूनही उभ्या आहेत. पुरुषी रूपही चाललं. पाचव्या शतकात तूरचा बिशप पर्पेतुउस होता आणि संत मार्टिनच्या थडग्यावर मोठं चर्च त्याने बांधलं.

मधल्या शतकांत मात्र नाव पातळ होत गेलं. मूळ लॅटिन मजकूर सतराव्या शतकात लुकास होल्स्टेनियस या विद्वानाला मोंते कास्सिनोच्या मठात सापडला. ग्रीक रूप जेरुसलेममध्ये मिळालं ते थेट १८८९ मध्ये. कार्थेजमध्ये फादर देलात्र यांना उत्खननात या हुतात्म्यांची नावं कोरलेल्या शिलेचे तुकडे मिळाले ते विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात. तोवर लोकांपुढे होतं ते बहुतांशी प्रार्थनेतलं नाव आणि संतचरित्रांतला गोषवारा.

शिवाय पंचांगाने घात केला, असं माझं मत. सोळाव्या शतकातल्या सुधारित रोमन पंचांगात ७ मार्च हा दिवस थोर धर्मपंडित थॉमस अक्वायनस यांच्या नावे होता आणि या दोघी तळटीपेसारख्या उरल्या. गोव्यात पोर्तुगीजांबरोबर बाप्तिस्म्याची नावं आली ती याच काळात, आणि ज्या संताच्या दिवशी जन्म त्याचं नाव बाळाला द्यायची चाल होती. ७ मार्चला जन्मलेल्याला तोमास सुचणं साहजिक. पर्पेतुआ सुचायला घरात कुणाची तरी खास भक्ती लागे. १९०८ मध्ये या दोघींचा सण ६ मार्चला हलवला, आणि १९६९ च्या फेरबदलात अक्वायनस २८ जानेवारीला गेले तेव्हा ७ मार्च पुन्हा या दोघींना मिळाला. पण तोवर आपल्याकडच्या ख्रिस्ती घरांतही इंग्रजी आणि नव्या भारतीय नावांचा काळ आला होता. दुसरं साधं कारण म्हणजे लांबी. लुसियाची लुसी होते, अ‍ॅग्नेस मुळातच आखूड. पर्पेतुआला लाडात काय म्हणायचं हा प्रश्नच आहे.

इटलीत तर नावावर वेगळंच बालंट आलं. मान्झोनी या इटालियन लेखकाच्या एकोणिसाव्या शतकातल्या गाजलेल्या कादंबरीत भित्र्या पाद्र्याच्या घरी एक तोंडाळ मोलकरीण आहे, तिचं नाव पर्पेतुआ. पुस्तक इतकं घरोघर गेलं की इटालियनमध्ये 'पर्पेतुआ' हे पाद्र्याच्या घरकाम करणाऱ्या बाईसाठी सामान्यनामच झालं, शब्दकोशात गेलं. यानंतर कोण हौसेने मुलीला हे नाव ठेवणार! पोर्तुगीजमध्ये मात्र त्याच्या वाट्याला फूल आलं : सुकल्यावरही ज्याचा जांभळा रंग टिकतो, त्या गोल बोंडांच्या गॉम्फ्रीनाला तिथे 'पेर्पेतुआ' म्हणतात.

ज्यांनी संतिणीचं नाव कधी ऐकलं नाही, त्यांनीही हे नाव संगणकावर पाहिलेलं असतं. वर्डच्या फॉन्टच्या यादीत 'पर्पेतुआ' आहे. एरिक गिल या इंग्रज शिल्पी-अक्षरकाराने मोनोटाइप कंपनीसाठी १९२० च्या दशकात ती अक्षरं रेखली. दगडावर अक्षरं कोरणाऱ्याचा हात त्यांत दिसतो. ती पहिल्यांदा छापली गेली ती याच दोघींच्या कथेच्या इंग्रजी भाषांतरासाठी, म्हणून सरळ अक्षराचं नाव पर्पेतुआ आणि तिरप्याचं फेलिसिटी. गिलने स्वतःच्या मुलींवर केलेले अत्याचार पुढे १९८९ मध्ये उजेडात आले, आणि आईपणाच्या या कहाणीशेजारी ते वाचणं जड जातं.

दोन घोटाळे इथेच निस्तरलेले बरे. माहीमच्या सेंट मायकल चर्चमध्ये दर बुधवारी नोव्हेनाला, म्हणजे नवसाच्या प्रार्थनेला, गर्दी लोटते ती 'अवर लेडी ऑफ पर्पेच्युअल सक्कर'साठी, म्हणजे निरंतर साहाय्य करणाऱ्या मरियेसाठी. तिथे पर्पेच्युअल हे नुसतं विशेषण आहे, कार्थेजच्या पर्पेतुआशी त्याचा संबंध नाही. दुसरा घोटाळा जुना आहे : फेलिसितास ही पर्पेतुआची दासी होती, असं सर्रास सांगितलं जातं. मूळ मजकूर तसं म्हणत नाही. तो तिला रेव्होकातुसची सहगुलाम म्हणतो, मालक कोण ते सांगत नाही. नावांच्या शर्यतीत मात्र ही गुलाम पोरगी कितीतरी पुढे निघून गेली. इंग्लंडात प्युरिटनांच्या, म्हणजे कडव्या प्रोटेस्टंट सुधारकांच्या, काळात सद्गुणांची नावं मुलींना ठेवायची लाट आली, तीत फेलिसिटी रुळलं आणि आजही चालतं. पर्पेतुआ टिकलं ते मुख्यतः तिच्याच खंडात, सहारापलीकडे : नायजेरिया, घाना, केनियातल्या कॅथलिक घरांत ते आजही सहज कानावर पडतं.