डार्विन विरुद्ध डिझाइन: हा वाद आपल्याकडं आला कुठून

"डार्विन खोटा ठरला, अमेरिकेतले सायंटिस्टपण आता मानायला लागलेत" असला एक फॉरवर्ड बेळगावच्या मराठी ग्रुपांवर अधूनमधून फिरत असतो. कधी गल्लीतल्या गणेश मंडळाच्या ग्रुपवर, कधी शाळेच्या माजी विद्यार्थ्यांच्या. मग खाली दोन पार्ट्या पडतात. एक म्हणते माकडाचा माणूस झाला तर आताची माकडं का होईनात, दुसरी म्हणते तुमची अक्कल गहाण पडलीय, आणि तासाभरात ॲडमिन ग्रुप बंद करतो. यात एक गोष्ट कुणी बोलत नाही. 'इंटेलिजंट डिझाइन', म्हणजे जीव आपोआप बदलत आले नाहीत तर कुणा हुशार कर्त्यानं त्यांची रचना केली, हे नाव घेऊन जे काय आलंय ते कुठल्या लॅबमधून आलेलं नाही, ते कोर्टकचेऱ्यातून आलंय, अमेरिकेच्या घटनेतल्या एका तरतुदीला वळसा घालायला, आणि ती तरतूद आपल्याला लागूच नाही. म्हणून मागचं सगळं जरा सविस्तर सांगतो.

मूळ युक्तिवाद तसा जुना आहे. विल्यम पेली म्हणून इंग्लंडातले एक पाद्री होते, त्यांनी १८०२ मध्ये लिहिलं की माळावरून चालताना घड्याळ सापडलं तर ते आपोआप झालं असं कुणी म्हणणार नाही, कुणीतरी घड्याळजी असणारच, मग डोळ्यासारखी अवघड रचना बघून तिचाही कर्ता असणार हे मान्य करा. डार्विन केंब्रिजला शिकत होता तेव्हा त्याने हाच पेली आवडीने वाचला होता.

पण हा मुद्दा पेलीच्या आठेकशे वर्षं आधी आपल्याकडं मांडून, खोडून, परत मांडून झालेला होता. न्यायदर्शनवाले, म्हणजे आपल्याकडचे जुने तर्कशास्त्री, म्हणायचे मडकं आहे म्हणजे कुंभार आहे, तसं जग हे कार्य आहे म्हणजे त्याचा कर्ता ईश्वर आहे. त्यांच्यातल्याच उदयनाचार्यांची 'न्यायकुसुमांजली' याच कामासाठी लिहिलेली. खानापूरकरांना हा दृष्टांत समजावून सांगायला नको, तिथली माती, तिथली कौलं सगळ्यांना माहीत आहेत आणि खादी ग्रामोद्योगची कुंभारकामाची केंद्रीय संस्थापण तिथंच आहे. समोर बौद्ध होते, मीमांसक (वेद मानणारे पण जगाचा कर्ता न मानणारे) होते, ते विचारायचे कुंभाराला हातपाय असतात, तुमच्या ईश्वराला आहेत काय? एका वाड्याला दहा कारागीर लागतात, मग जगाला कर्ता एकच कशावरून?

सगळ्यात कडक जैनांनी विचारलं. राष्ट्रकूटांच्या काळात, ९ व्या शतकात, जिनसेनाचार्य होऊन गेले, अमोघवर्ष राजाचे गुरू, राजधानी मान्यखेट म्हणजे आताचं कलबुर्गी जिल्ह्यातलं मळखेड. त्यांच्या 'आदिपुराणा'त सरळ प्रश्न आहेत की जग करण्याआधी हा कर्ता कुठं होता, सामान कुठून आणलं, आणि तो परिपूर्ण असेल तर त्याला जग करायची इच्छा का झाली. निपाणी, चिकोडी भागात जैन घरं किती आहेत, स्तवनिधीला किती लोक जातात, त्या परंपरेत जग अनादि आहे, कुणी बनवलेलं नाही. म्हणजे आस्तिक असला की डिझाइनवाला आणि नास्तिक असला की डार्विनवाला ही वाटणी आमच्या जिल्ह्यात तरी बसत नाही बघा. दुसरं म्हणजे उदयनाचार्यांनी कर्त्याचं नाव लपवलं नाही. ईश्वर म्हणाले, ईश्वरासाठीच भांडले. हे लक्षात ठेवा, पुढं लागणार आहे.

१८५८ मध्ये डार्विन आणि वॉलेस दोघांचं म्हणणं लंडनच्या लिनियन सोसायटीत एकदम वाचलं गेलं, १८५९ ला डार्विनचं पुस्तक आलं. म्हणणं तसं साधं आहे. एकाच जातीच्या जिवांत थोडाथोडा फरक असतो, त्यातला काही फरक पोराबाळांत उतरतो, जन्मतात जास्त आणि जगतात कमी, जे जगून वाढतात त्यांचे गुण पुढं जातात. याला कर्ता लागत नाही, लागतो फक्त वेळ.

"पण हे बघितलंय कुणी" असं विचारणाऱ्यांनी सौंदत्ती, बैलहोंगलकडच्या कापूस लावणाऱ्याशी बोलावं. २००२ मध्ये बीटी कापसाला परवानगी मिळाली, बोंडअळीचं विष झाडातच. त्या पाकिटासोबत १२० ग्रॅमची साध्या बियाणाची पुडी यायची, कडेनं लावा म्हणून सांगायचे. बहुतेकांनी ती फेकली, कारण अळीला मुद्दाम खायला कोण घालणार? पण तिचं काम वेगळं होतं. लाखो अळ्यांत एखादी विष पचवणारी असतेच, बाकीच्या मेल्या की तिच्यासारख्यांचीच आपापसात पैदास होते. कडेच्या साध्या झाडांवर विषाला बळी पडणारे किडे जिवंत राहिले की ते तिच्या वंशात मिसळतात आणि प्रतिकार पसरायला वेळ लागतो. म्हणजे ती पुडी डार्विनला थोपवायला दिलेली होती. व्हायचं तेच झालं, २०१० मध्ये बीटीवाल्या मोन्सँटो कंपनीनेच मान्य केलं की गुजरातेत गुलाबी बोंडअळी पहिल्या बीटीला दाद देईना. डिझाइनवाले यावर म्हणतात, अळीची अळीच राहिली की. बरोबर आहे, आठ वर्षांत अजून काय होणार.

जास्त वेळाचा पुरावा बघायचा तर भीमगडचं जंगल आहे, खानापूर तालुक्यात. तिथल्या बारापेडे गुहेत एक वटवाघूळ राहतं, रॉटनचं वटवाघूळ म्हणतात, १९१३ मध्ये शास्त्रात नोंद झाली, आणि कितीतरी वर्षं जगात फक्त याच एका गुहेतनं माहीत होतं. कुठल्याही वटवाघळाच्या पंखात काय असतं तर आपलाच हात. दंडाचं हाड, कोपर, मनगट, पाच बोटं. अंगठा आखूड, बाहेर नखासारखा, बाकीची चार बोटं छत्रीच्या काड्यांसारखी लांब आणि मधे कातडं. पक्षी आणि वटवाघूळ दोघंही उडतात, पण पक्ष्याचा पंख पिसांचा आणि बोटं जुळून गेलेली. नव्यानं डिझाइन करणाऱ्याला एकच चांगला पंख दोघांना देता आला असता. जुन्या हातावरच काम भागवायचं असेल तर असंच होणार.

आणि एकेकाळचे जीव नाहीसे होतात याचा जमिनीतला पुरावा म्हणजे गोकाकचा गेंडा. खरंच. भूगर्भशास्त्रवाले रॉबर्ट ब्रूस फूट दक्षिण महाराष्ट्र प्रांत पालथा घालत होते तेव्हा गोकाकजवळ त्यांना गेंड्याची हाडं मिळाली, १८७४ मध्ये त्यांनी ती छापली, नाव ठेवलं ऱ्हायनोसेरॉस डेक्कनेन्सिस. घटप्रभेच्या काठावर गेंडे हिंडत होते हे शाळेत कुणी सांगितलं नाही आम्हाला.

आता अमेरिका. तिथं चर्चच्या एका मोठ्या गटाला बायबलमधली सहा दिवसांची सृष्टी शब्दशः खरी वाटते. टेनेसी राज्यानं १९२५ मध्ये बटलर कायदा केला, सरकारी शाळेत माणूस खालच्या प्राण्यांपासून झाला असं शिकवायचं नाही. डेटन गावातल्या व्यापाऱ्यांनी गावाचं नाव होईल म्हणून चोवीस वर्षांच्या स्कोप्स नावाच्या मास्तराला आरोपी व्हायला तयार केलं. होय, ठरवून. रेडिओवर लाइव्ह खटला, रस्त्यावर चिंपांझी, एकदम जत्राच. १०० डॉलर दंड झाला, १९२७ ला तोही तांत्रिक कारणावरून रद्द झाला, कायदा मात्र १९६७ पर्यंत तसाच. मधल्या काळात पुस्तकवाल्यांनी भानगड नको म्हणून उत्क्रांतीचे धडे बारीक करत आणले. मग १९५७ ला रशियाने स्पुटनिक सोडला, अमेरिका घाबरली, विज्ञानाची पुस्तकं परत नीट लिहिली गेली आणि भांडण परत पेटलं.

तिथल्या घटनेची पहिली दुरुस्ती म्हणते की सरकारनं कुठलाही धर्म प्रस्थापित करायचा नाही. त्यावर बोट ठेवून १९६८ मध्ये सुप्रीम कोर्टानं अर्कान्सास राज्याची उत्क्रांतीवरची बंदी उडवली. मग विरोधकांनी कपडे बदलले. बायबल शिकवत नाही, 'क्रिएशन सायन्स' शिकवतो म्हणाले, दोन्हीला सारखा वेळ द्या. अर्कान्सासमध्ये ते १९८२ ला पडलं, लुइझियानाचं १९८७ ला सुप्रीम कोर्टात ७ विरुद्ध २ नं पडलं. आता 'क्रिएशन' हा शब्दच चालेना. तिथून पुढं 'इंटेलिजंट डिझाइन'. कर्ता आहे, पण कोण ते आम्ही सांगत नाही! उदयनाचार्यांना हे ऐकून काय वाटलं असतं देव जाणे.

या नव्या रूपाला थोडा सायन्सचा मुलामा होता हेही खरं. मायकल बीही नावाचे बायोकेमिस्ट्रीचे प्रोफेसर, १९९६ ला त्यांनी मांडलं की काही रचनांतला एक पार्ट काढला तरी सगळं बंद पडतं, म्हणजे त्या हळूहळू बनूच शकत नाहीत. उदाहरण, बॅक्टेरियाची शेपटी, मोटरसारखी फिरणारी. ऐकायला दमदार वाटतं, मलापण पहिल्यांदा वाटलेलं. पण त्याच शेपटीच्या बुडाशी असलेल्या बऱ्याचशा प्रोटिनांसारखी प्रोटिनं दुसऱ्या काही बॅक्टेरियात विष टोचायच्या सुईचं काम करतात. अर्धी मोटर मोटर म्हणून चालत नसेल, पण दुसरं काहीतरी म्हणून चालते.

शेवटी २००४ मध्ये पेनसिल्व्हेनियातल्या डोव्हर गावच्या स्कूल बोर्डानं ठराव केला की मुलांना डार्विनमधल्या त्रुटी आणि इंटेलिजंट डिझाइनची माहिती द्यायची. सायन्सच्या मास्तरांनी वर्गात ते निवेदन वाचायला नकार दिला, मग ऑफिसातल्या लोकांनी येऊन वाचलं. अकरा पालक कोर्टात गेले. 'ऑफ पांडाज अँड पीपल' नावाचं पुस्तक मुलांना वाचायला सुचवलेलं, त्याच्या प्रतींसाठी बोर्डाच्या एका मेंबरनं चर्चमध्ये वर्गणी गोळा केलेली, आणि शपथेवर विचारल्यावर पैसे कुठून आले ते नीट सांगितलं नाही. पण खरी गंमत त्या पुस्तकाच्या जुन्या मसुद्यांत निघाली. बार्बरा फॉरेस्ट या तत्त्वज्ञानाच्या प्राध्यापिकेनं ते कोर्टात मांडले. १९८७ च्या निकालाआधीच्या मसुद्यात 'क्रिएशनिस्ट्स', निकालानंतरच्या मसुद्यात त्याच वाक्यांत 'डिझाइन प्रपोनंट्स'. आणि एका ठिकाणी घाईत जुना शब्द पूर्ण पुसलाच गेला नाही, पुढं 'सी' राहिला, मागं 'इस्ट्स' राहिलं, मधे नवा शब्द: 'सीडिझाइन प्रपोनंटसिस्ट्स'. याहून भक्कम पुरावा वकिलाला स्वप्नात मिळत नाही.

बीही साक्षीला आले. समोर रोगप्रतिकार यंत्रणेच्या उत्क्रांतीवरचे ५८ शोधनिबंध आणि वर पुस्तकांची थप्पी ठेवली, ते म्हणाले हे पुरेसं नाही. तुमच्या 'सायंटिफिक थिअरी'च्या व्याख्येत ज्योतिष बसतं काय असं विचारल्यावर त्यांना हो म्हणावं लागलं, अमेरिकेत त्याची बातमी झाली. आपल्याकडं २००१ मध्ये यूजीसीनं विद्यापीठांत ज्योतिषाचे कोर्स काढले आणि पुष्पा भार्गवांसारख्या शास्त्रज्ञानं नेलेली केस सुप्रीम कोर्टानं २००४ ला फेटाळली, म्हणजे आपण हसायचं काम नाही. दुसऱ्या बाजूनं मुख्य साक्षीदार केनेथ मिलर, बायोलॉजीचे प्रोफेसर आणि पक्के कॅथलिक. कॅथलिक चर्चला यात अडचण नाहीच, १९९६ मध्ये पोप जॉन पॉल दुसरे म्हणालेच होते की उत्क्रांती ही आता नुसती कल्पना राहिलेली नाही. बेळगावच्या कॅम्पातल्या कॅथलिक लोकांना उगाच डार्विनविरोधी समजणाऱ्यांनी हे बघावं.

२० डिसेंबर २००५ ला जज जॉन जोन्स यांनी १३९ पानी निकाल दिला की इंटेलिजंट डिझाइन हे सायन्स नाही, क्रिएशनचंच दुसरं रूप आहे. हे जज रिपब्लिकन, बुश यांनी नेमलेले. निकालाच्या आधीच्या महिन्यात निवडणूक झाली त्यात डिझाइनच्या बाजूचे आठही मेंबर गावानं घरी बसवले आणि वकिलांच्या खर्चापोटी दहा लाख डॉलर शाळेच्या डोक्यावर बसले.

फॉरवर्डमधला 'अमेरिकेत मानायला लागलेत' तो हा. आता इथं कुणाला कर्ता मानायचा असेल तर नाव लपवायचं कारण काय? आपल्याकडं दर्शनशास्त्र आहे, कीर्तन आहे, बसवण्णांची वचनं आहेत, ईश्वराबद्दल बोलायला कुणाची बंदी नाही. दशावतार म्हणजे उत्क्रांतीच, मासा, कासव, वराह, असं सांगणारेपण भेटतात, ऐकायला छान आहे, पण उत्क्रांती ही जिन्यासारखी पायरी पायरीनं माणसाकडं येत नाही, तिला फांद्या फुटतात. माकडं अजून आहेत ती म्हणूनच, ती आपली आजी नाहीत, चुलत घराणं आहे.

जानेवारी २०१८ मध्ये औरंगाबादच्या वैदिक संमेलनात केंद्रातल्या शिक्षण खात्याचे तेव्हाचे राज्यमंत्री सत्यपाल सिंह, मुंबईचे माजी पोलीस कमिशनर, म्हणाले की डार्विन शास्त्रीयदृष्ट्या चूक आहे, माकडाचा माणूस होताना आपल्या पूर्वजांनी बघितल्याचं कुठं लिहिलेलं नाही, शाळाकॉलेजात हे बदलायला पाहिजे. देशातल्या तिन्ही विज्ञान अकादम्यांनी एकत्र पत्रक काढून विरोध केला आणि त्याच खात्याचे तेव्हाचे मंत्री प्रकाश जावडेकर यांनी असलं बोलू नका म्हणून सांगितलं. प्रकरण मिटलं असं वाटलं.

२०२३ मध्ये एनसीईआरटीच्या दहावीच्या पुस्तकातला 'आनुवंशिकता आणि उत्क्रांती' हा धडा नुसता 'आनुवंशिकता' झाला. कारण दिलं कोविडनंतर अभ्यासाचा बोजा कमी करायचं, आणि बारावीच्या बायोलॉजीत आहे की म्हणाले. १८०० च्या वर शास्त्रज्ञ, शिक्षकांनी विरोधाच्या पत्रावर सह्या केल्या. यात डिझाइनवाल्यांचा हात होता असं मी म्हणत नाही. पण परिणाम काय झाला ते आमच्या भागात उघड दिसतं, कारण हद्द ओलांडली की बोर्ड बदलतं. चंदगड तालुक्यात शिनोळीला बालभारती, दहावी विज्ञान भाग २, पहिलाच धडा 'आनुवंशिकता व उत्क्रांती'. अलीकडं बेळगावात सीबीएसईतनं त्याच वेळी दहावी झालेला, पुढं कॉमर्सला गेलेला पोरगा डार्विनचं नाव ऐकणार ते बहुतेक त्या फॉरवर्डमध्येच.