जुन्या व्हिडिओ गेमना रे ट्रेसिंग प्रकाशाची जोड

मूळ निर्मितीत रे ट्रेसिंग नसलेल्या व्हिडिओ गेमला नंतर, बहुतेकदा हौशी मॉडरांकडून (तयार गेममध्ये फेरफार करणाऱ्यांकडून), प्रकाशकिरणांच्या हिशेबावर चालणारी प्रकाशयोजना बसवण्याची पद्धत. कथानक, नियम, शत्रूंच्या चाली यांना यात हात लागत नाही. पडद्यावरच्या प्रत्येक ठिपक्यापर्यंत उजेड कुठून आणि किती आला, हे मात्र ग्राफिक्स कार्ड दर फ्रेमला, म्हणजे पडद्यावर उमटणाऱ्या प्रत्येक चित्राला, नव्याने मोजते. ऐकताना ही वरून चढवलेली सजावट वाटते, पण खरी अडचण माहितीची आहे. आपल्या जगात कोणती वस्तू कुठे आहे आणि ती कशाची बनलेली आहे, याची पुरती नोंद जुन्या गेमने ठेवलेलीच नसते. आजवरचे सगळे मार्ग ही उणीव आपापल्या परीने भरून काढतात.

उजेडाचा हिशेब

थेट न येता भिंतींवरून उसळत आलेला उजेड कसा वागतो, हे पाहायला नाशिकमध्ये पांडवलेण्यांसारखी जागा नाही. त्रिरश्मी डोंगराच्या उत्तर अंगाला ही २४ लेणी कोरलेली आहेत, त्यामुळे वर्षातला बराच काळ ऊन थेट आत शिरत नाही. सातवाहन राजमाता गौतमी बलश्रीच्या दानलेखामुळे प्रसिद्ध असलेल्या तिसऱ्या लेण्यात ओसरीतून आलेला उजेड आधी जमिनीवर पडतो, तिथून छताकडे जातो आणि छतावरून पुन्हा खाली उतरतो. मागच्या भिंतीवरचा कोरीव स्तूप दिसतो तो या उसळत्या उजेडातच. कडेच्या खोल्यांच्या दारांशी काळोख दाटत जातो, पण तो नेमका कुठे सुरू झाला हे बोट ठेवून सांगता येत नाही. दगडाचा तपकिरी रंगही उजेडाबरोबर थोडा थोडा पुढे सरकतो.

हेच दालन २००० सालच्या आसपासच्या गेममध्ये उभे करायचे झाले असते, तर एक सोय होती सगळीकडे सारखाच मंद उजेड भरून टाकण्याची. त्यात स्तूप आणि खोलीचा कोपरा दोन्ही एकाच राखाडी रंगात बुडाले असते. दुसरी सोय लाइटमॅपची. गेम बनवतानाच तासन्‌तास गणित करून उजेड-सावलीचे नकाशे तयार ठेवायचे आणि ते भिंतींवर डकवायचे. १९९७ च्या ‘क्वेक २’मध्ये असेच केले होते आणि त्या काळाच्या मानाने ते देखणेही होते. पण तो उजेड गोठलेला असतो. खेळाडूने मशाल उचलून दुसरीकडे नेली तरी भिंतीला त्याचा पत्ता नसतो.

किरणांच्या हिशेबाची कल्पना मात्र जुनीच आहे. टर्नर व्हिटेड यांनी १९८० मध्ये परावर्तन आणि अपवर्तनासकट किरणांचा माग काढण्याची रीत मांडली. जेम्स काजिया यांनी १९८६ मध्ये प्रकाशाच्या साऱ्या देवघेवीचे समीकरण दिले. कमी होता तो वेग. १९२० × १०८० च्या पडद्यावर २० लाख ७३ हजार ६०० ठिपके असतात. प्रत्येकासाठी एकच किरण सोडला आणि सेकंदाला ६० फ्रेम ठेवल्या, तरी सेकंदाला १२ कोटी ४४ लाख किरण होतात, आणि एका किरणाने चित्र नुसते खरखरीत दिसते. २०१८ मध्ये मायक्रोसॉफ्टने डायरेक्टएक्स रे ट्रेसिंग (विंडोजवरच्या गेमना कार्डाकडून किरणांचा हिशेब करून घेण्याची सोय) जाहीर केले आणि एनव्हिडियाने किरण-छेदाचे, म्हणजे किरण कुठे आदळतो याचे, गणित करणारे स्वतंत्र भाग असलेली आरटीएक्स २० मालिकेची कार्डे आणली, तेव्हा हा हिशेब खेळता खेळता करणे आवाक्यात आले. उरलेली खरखर डीनॉइझर घालवतो. आधीच्या फ्रेम आणि शेजारचे ठिपके यांच्या आधाराने तो चित्र गुळगुळीत करतो.

सोर्स कोड हाती असेल तेव्हा

सर्वांत स्वच्छ काम होते ते गेमचा सोर्स कोड, म्हणजे प्रोग्रामरांनी लिहिलेला मूळ मजकूर, खुला असेल तिथे. ‘क्वेक २’चा कोड आयडी सॉफ्टवेअरने २००१ मध्येच मुक्त परवान्याखाली दिला होता. जर्मनीतील कार्ल्सरूह येथे संशोधन केलेल्या ख्रिस्तोफ शीड यांनी त्यावर पूर्णपणे किरणांवर चालणारी आवृत्ती रचली आणि जानेवारी २०१९ मध्ये ती सर्वांसाठी खुली केली. डीनॉइझरवरचे त्यांचे स्वतःचे संशोधन त्यात कामी आले. एनव्हिडियाने तिच्याच आधारे ६ जून २०१९ रोजी ‘क्वेक २ आरटीएक्स’ काढला. खुल्या कोडचे याहून बोलके उदाहरण सापडणे अवघड. मूळ निर्मात्यांच्या एका उदार निर्णयाचे फळ अठरा वर्षांनी एका संशोधकाच्या हाती आले आणि तिथून ते सगळ्यांना मिळाले. सुल्तीम त्सिरेंदाशिएव्ह यांनी पहिला ‘हाफ-लाइफ’ आणि ‘डूम’ यांनाही याच वाटेने किरण दिले.

कोड नसताना

बहुतेक गेमांचा कोड कुलूपबंद असतो. नाशिकमध्ये कॉलेज रोडला, सिडकोत, पंचवटीत नेट कॅफेत ताशी पैसे मोजून गेम खेळलेल्या पिढीच्या मनात घर करून राहिलेले ‘जीटीए व्हाइस सिटी’सारखे गेम याच गटातले. अशा वेळी मॉडर गेम आणि ग्राफिक्स कार्ड यांच्या मधल्या वाटेवर उभा राहतो. गेम कार्डाला ‘हे त्रिकोण काढ, त्यावर हे टेक्श्चर लाव’ असे हुकूम देत असतो (टेक्श्चर म्हणजे पृष्ठभागावर डकवायचे चित्र). ते हुकूम मध्येच झेलायचे, त्यांतून दृश्य पुन्हा जुळवायचे आणि मग त्यात किरण सोडायचे.

एनव्हिडियाने सप्टेंबर २०२२ मध्ये जाहीर केलेले ‘आरटीएक्स रीमिक्स’ हे या मार्गाचे सध्याचे मुख्य साधन. त्याचा रनटाइम, म्हणजे गेमबरोबर प्रत्यक्ष चालणारा भाग, एप्रिल २०२३ मध्ये खुला झाला आणि जानेवारी २०२४ मध्ये संपूर्ण संच चाचणी आवृत्तीत सर्वांना मिळाला. डायरेक्ट३डी ८ आणि ९ (डायरेक्टएक्समधला चित्रे काढण्याचा भाग) यांवर चालणारे, त्यातही कार्डातल्या ठरावीक पद्धतीनेच चित्र काढणारे गेम त्याला सोपे जातात. ज्या गेमांनी स्वतःचे शेडर (चित्र कसे रंगवायचे हे कार्डाला सांगणारे छोटे प्रोग्राम) लिहून घेतले, त्यांच्या हुकुमांचा अर्थ बाहेरून लावता येत नाही. म्हणून कित्येकदा जुना गेम पटकन जुळतो आणि त्यानंतर चार वर्षांनी आलेला अडून बसतो.

हे काम जवळून पाहिले तर त्यातली मेहनत कळते. गेमच्या फोल्डरमध्ये रीमिक्सची बदली डीएलएल फाइल (गेम चालताना वापरतो ती जोड-प्रोग्रामची फाइल) ठेवतात. जुना गेम ३२ बिटचा आणि नवे चित्रण ६४ बिटचे, म्हणून दोघांत निरोप पोहोचवणारा एक दुवा लागतो. गेम सुरू झाल्यावर आल्ट आणि एक्स दाबले की मॉडरचा तक्ता उघडतो आणि वापरात असलेली सगळी टेक्श्चर समोर येतात. मग एकेकावर खूण करायची: हे आकाश, हा आरोग्याचा पट्टा, हा नकाशा, हा भिंतीवरचा गोळीचा डाग. ही खूण राहून गेली तर यंत्र आकाशाला डोक्यावरचे छप्पर समजते, आणि भरदुपारी गाव अंधारात बुडते.

प्रत्येक टेक्श्चर आणि आकृती रीमिक्स तिच्या मजकुरावरून काढलेल्या सांकेतिक आकड्याने ओळखते. गेम चालता चालता आकृती बदलत असेल तर आकडाही बदलतो आणि जोडलेला दिवा गायब होतो. याहून चिवट अडचण वेगळीच आहे. जुने गेम वेग वाचवण्यासाठी खेळाडूच्या पाठीमागचे काही काढतच नाहीत. नुसत्या डोळ्यांना त्याने फरक पडत नाही, किरणांना मात्र पडतो. खेळाडूने मान वळवली की मागची भिंत नाहीशी होते आणि तिने अडवलेले ऊन खोलीत शिरते. त्यावर गेमला वस्तू टाकून देण्यापासून रोखण्याची तजवीज करावी लागते.

आणि मग साहित्याचा प्रश्न. जुन्या टेक्श्चरमध्ये चित्रकारांनी सावल्या आणि चकाकी रंगवूनच ठेवलेली असते. खरा उजेड आला की एकाच खिडकीखाली दोन सावल्या दिसतात. लोखंड, ओले डांबर, कापड यांतला फरक मूळ गेमला ठाऊक नसतो; तो माणसाने एकेका पृष्ठभागाला सांगावा लागतो. निऑनची पाटी म्हणजे चित्रच. तिला उजेड टाकणारी वस्तू ठरवल्याशिवाय खालचा फुटपाथ गुलाबी होत नाही. इथे तंत्रापेक्षा नजर महत्त्वाची ठरते. मूळ कलाकाराने एखादा कोपरा भीती वाटावी म्हणून काळा ठेवला असेल, तर भौतिकशास्त्राच्या नावाखाली तो उजळून टाकणे ही सुधारणा नव्हे. डिसेंबर २०२२ मध्ये आलेल्या ‘पोर्टल’च्या आरटीएक्स आवृत्तीबद्दल हा वाद रास्तपणे झाला. मूळ २००७ च्या गेममधली थंड, निर्जीव प्रयोगशाळा तिथे बरीच नाट्यमय दिसते.

पडद्यापुरते किरण

तिसरा मार्ग सर्वांत स्वस्त आणि म्हणूनच सर्वांत पसरलेला. ‘रीशेड’ हे मुक्त साधन तयार फ्रेमवर शेडर चालवते. पास्कल गिल्चर यांनी २०१९ मध्ये त्यासाठी आरटीजीआय हा शेडर आणला. प्रत्येक ठिपका किती लांब आहे हे सांगणाऱ्या डेप्थ बफरवरून तो दृश्याचा अंदाज बांधतो आणि त्यात किरण चालवतो. आरटीएक्स कार्डाची त्याला गरज नाही. मर्यादाही उघड आहे: पडद्याबाहेरचे त्याच्या लेखी अस्तित्वातच नसते. लाल भिंत दृश्याच्या कडेबाहेर गेली की तिचा जमिनीवरचा लाल उजेडही मावळतो. ‘माइनक्राफ्ट’मध्ये मॉडरांना यातून वाट सापडली, कारण तिथले जग ठोकळ्यांचे आहे आणि ठोकळ्यांची यादी करून ठेवणे सोपे. सॉनिक ईथर या नावाने ओळखल्या जाणाऱ्या मॉडरचे शेडर साध्या कार्डांवरही पडद्याबाहेरचा उजेड धरतात. अधिकृत आरटीएक्स आवृत्ती नंतर, डिसेंबर २०२० मध्ये आली.

वापरताना

कार्डाची वीज आणि उष्णता यांचा विचार आधी करावा. आरटीएक्स ४०९० ची कमाल ४५० वॉट तर आरटीएक्स ३०६० ची १७० वॉट ठरवलेली आहे. एप्रिल-मेमध्ये नाशिकचा पारा चाळिशीला टेकतो, तेव्हा बंद खोलीत हा फरक अंगाला जाणवतो. घरगुती इन्व्हर्टरवर पंखा-दिव्यांबरोबर असा संगणक चालवणे टाळावे.

ऑनलाइन सामन्यांत हे काही चालत नाही. गेमच्या फोल्डरमधली परकी डीएलएल पाहून फसवणूकविरोधी यंत्रणा खाते बंद करू शकते, आणि नेटवर्कवर हालचाल दिसली की रीशेडची नेहमीची आवृत्ती स्वतःहून डेप्थ बफर वाचणे थांबवते. मॉड वाटताना नवे टेक्श्चर, नवे दिवे आणि जोडणीच्या फाइली एवढेच द्यायचे, असा मॉडरांचा रिवाज आहे. मूळ गेम प्रत्येकाने स्वतः विकत घेतलेला असावा लागतो.