सहभागी चित्रपटनिर्मिती (मुंबईतील युवा गट)

ज्यांची गोष्ट आहे त्यांनीच ती रचायची, चित्रित करायची आणि संकलित करायची, अशी सामूहिक पद्धत. 'कम्युनिटी व्हिडिओ' या नावानेही ती ओळखली जाते. तिचा उगम कॅनडातील फोगो बेटावर १९६७ मध्ये झालेल्या प्रयोगात मानतात. बेटावरच्या मच्छीमारांना दुसरीकडे हलवण्याचा सरकारचा विचार होता. दिग्दर्शक कॉलिन लो यांनी त्यांचे म्हणणे चित्रित केले आणि ते आधी त्यांनाच दाखवले. भारतात १९८४ मध्ये अहमदाबादच्या 'सेवा' संघटनेतील कष्टकरी स्त्रियांनी व्हिडिओ शिकून घेतला. त्यांतल्या काहींना लिहिता-वाचता येत नव्हते.

मुंबईला गटाने गोष्ट सांगणे नवे नव्हते. अण्णाभाऊ साठे, अमर शेख आणि द. ना. गव्हाणकर यांच्या लालबावटा कलापथकाने (१९४४) कामगारवस्तीचे प्रश्न कामगारांसमोरच गायले, नाचवले. पुढे महाविद्यालयीन एकांकिकांनी तालमीत बसून संहिता घडवायची सवय लावली. आज हातातल्या मोबाइलने कॅमेऱ्याचा खर्च जवळपास मिटवला आहे.

कार्यशाळेची सुरुवात बहुधा गोलात बसून होते. एकाने एक वाक्य सांगायचे, पुढच्याने त्याला जोडायचे. नळाला पाणी येण्याची वेळ, ट्रान्झिट कॅम्पमधली (इमारत पुन्हा बांधून होईपर्यंतच्या तात्पुरत्या घरातली) वर्षे, बहिणीचे सुटलेले कॉलेज असे विषय त्यातून आपसूक निघतात. मग कागदावर चौकटी आखून शॉट ठरतात. दहा बाय दहाच्या खोलीत कॅमेरा मागे सरकायला जागा नसते, म्हणून वाइड शॉट दाराबाहेरून किंवा पोटमाळ्यावरून घेतात. खरा छळ आवाजाचा. पंखा बंद करून सगळे घामाघूम झालेले असतात, टेक रंगात येतो आणि शेजारी कुकरची शिट्टी होते.

या पद्धतीबद्दल बोलताना 'सक्षमीकरण' हा शब्द फार स्वस्तात वापरला जातो. मुलांच्या हातात कॅमेरा देऊन एडिट कार्यशाळा घेणाऱ्या संस्थेच्या कार्यालयात होत असेल, तर गोष्ट कार्यालयाचीच उरते. काय ठेवायचे आणि काय कापायचे यावरचे भांडण गटात झाले पाहिजे. जिचे बोलणे नेहमी मधेच तोडले जाते, तिने 'हा शॉट राहणार' म्हणून अडून बसणे हे या कामाचे मोठे फलित होय. चित्रपट बरा झाला तर तो वरकड.

अठरा वर्षांखालील मुलांबाबत बंधने कडक आहेत. लैंगिक अत्याचाराला बळी पडलेल्या किंवा बाल न्याय प्रक्रियेत असलेल्या मुलाची ओळख उघड करण्यास कायद्याने मनाई आहे. नुसता चेहरा धूसर करून भागत नाही, घर आणि शाळाही ओळखू येता कामा नये. इतरांचीही संमती घ्यावीच लागते, आणि ती एकदा सही घेतली की संपत नाही.

म्हणून पहिला खेळ वस्तीतच लावतात. चौकात चादर ताणली जाते, मंडळाचा स्पीकर येतो. एखाद्या काकूंना पसरलेल्या भांड्यांसह आपले घर पडद्यावर नको असते. तो शॉट निघतो, आणि गट पुन्हा एडिटला बसतो.