बुंडेसब्रीफ

बुंडेसब्रीफ : (संघपत्र). मध्य स्वित्झर्लंडमधील ऊरी, श्वीट्स व निडवाल्डन या तीन डोंगरी खोऱ्यांतील लोकांनी परस्परांच्या संरक्षणासाठी केलेल्या शपथबद्ध कराराचे चर्मपत्र. ते लॅटिनमध्ये असून ‘इ. स. १२९१, ऑगस्ट महिन्याच्या प्रारंभी’ एवढाच काळ त्यावर नोंदलेला आहे. तिथी नाही, स्थळ नाही आणि करार करणाऱ्या एकाही व्यक्तीचे नाव नाही. स्विस राज्यसंघाचा उगम या पत्रात पाहण्याची प्रथा आहे, पण ही प्रथा पत्राइतकी जुनी नाही.

चर्मपत्र साधारण ३२ सेंमी. रुंद व २० सेंमी. उंच, म्हणजे शाळकरी वहीच्या उघड्या जोडपानापेक्षाही लहान आहे. त्यावर दाटीने लिहिलेल्या १७ ओळी आहेत. खालच्या कडेला चर्माच्या पट्ट्यांवर मुद्रा लोंबतात. त्यांपैकी श्वीट्सची मुद्रा नाहीशी झाली असून ऊरी व उंटरवाल्डन (निडवाल्डन व ओबवाल्डन या दोन खोऱ्यांचे एकत्रित नाव) यांच्या शिल्लक आहेत.

मजकूर : ‘काळाचा खलपणा ध्यानी घेऊन’ तिन्ही खोऱ्यांचे लोक शपथ घेतात की, कोणावरही आक्रमण वा अन्याय झाल्यास इतरांनी स्वखर्चाने धावून जावे. लगेच पुढे अट येते : प्रत्येकाने आपापल्या दर्जानुसार आपल्या धन्याच्या अधीन राहावे व त्याची सेवा करावी. बंडाचा जाहीरनामा म्हणून हे पत्र वाचणाऱ्यांची येथेच अडचण होते. पैसे देऊन पद मिळवलेला किंवा खोऱ्याबाहेरचा न्यायाधीश स्वीकारू नये, हे कलम विशेष प्रसिद्ध आहे. त्यानंतर खून, जाळपोळ, लूट व परस्पर केलेली जप्ती यांविषयीची कलमे येतात. जाळपोळ करणाऱ्याला पुन्हा कधीही खोऱ्यातला माणूस मानू नये, असे त्यांत म्हटले आहे. आपसांत कलह झाल्यास शहाण्या मंडळींनी तो मिटवावा आणि त्यांचा निवाडा झुगारणाऱ्याच्या विरोधात बाकीच्यांनी उभे राहावे. या भागावर सत्ता गाजवू पाहणाऱ्या हॅप्सबर्ग राजघराण्याचा, दंतकथेनुसार जेथे संघाची शपथ घेतली गेली त्या रूट्लीच्या कुरणाचा किंवा मुलाच्या डोक्यावरील सफरचंद बाणाने उडवणाऱ्या दंतकथेतील विल्यम टेलचा उल्लेख पत्रात कोठेही नाही.

कालनिश्चिती व अस्सलपणा : पत्रावरील वर्ष आणि त्या वर्षातील घडामोडी यांचा मेळ वरवर चांगला बसतो. सम्राटपद न मिळालेला जर्मन राजा पहिला रूडॉल्फ हॅप्सबर्ग १५ जुलै १२९१ रोजी श्पायर येथे मरण पावला. त्याच वर्षी एप्रिलमध्ये त्याने मुरबाखच्या मठाकडून ल्यूसर्न विकत घेतले होते. ऊरीला १२३१ मध्ये व श्वीट्सला १२४० मध्ये थेट राजसत्तेच्या अधीन असल्याच्या सनदा मिळाल्या होत्या. राजा गेल्यावर आपल्या हक्कांचे काय, ही खोऱ्यांची धास्ती त्यामुळे स्वाभाविक ठरते. ऊरी व श्वीट्स यांनी १६ ऑक्टोबर १२९१ रोजी झुरिक शहराशी तीन वर्षांचा करार केला, हेही या चित्रात बसते.

पत्र स्वतःच ‘जुन्या संघाचे स्वरूप’ शपथेने नव्याने दृढ करत असल्याचे सांगते. तो जुना करार उपलब्ध नाही. मजकुराचा आरंभ तृतीय पुरुषात आहे (‘लोकांनी वचन दिले’), तर न्यायाधीशांच्या कलमात एकाएकी प्रथम पुरुष येतो (‘आम्ही वचन दिले, ठरवले’). या सांध्यावर बोट ठेवून जर्मन इतिहासकार हॅरी ब्रेसलाऊ याने १९ व्या शतकाच्या अखेरीस जुन्या व नव्या भागांची वाटणी केली. ही वाटणी चतुर आहे, पण मध्ययुगीन लेखनिक नमुन्यांतून वाक्ये उचलून जोडत असत. त्यामुळे अशा सांध्यांवर फार भार टाकणे धोक्याचे होय.

उंटरवाल्डनच्या मुद्रेमुळे प्रश्न आणखी गुंततो. मजकुरात केवळ खालचे खोरे, म्हणजे निडवाल्डन, करारात सामील आहे. मुद्रा मुळात निडवाल्डनमधील स्टान्स या गावाच्या समुदायाची, पण तिच्यावर ‘आणि वरच्या खोऱ्याचा’ हे शब्द नंतर कोरून घातलेले दिसतात. वरचे खोरे म्हणजे ओबवाल्डन. मग मुद्रा लावली केव्हा? मुद्रेतील भर १२९१ पूर्वीची मानावी, की पत्र १२९१ नंतरचे मानावे, यावर मतभेद आहेत.

१९९१ मध्ये चर्मपत्राची किरणोत्सर्गी कार्बन चाचणी प्रसिद्ध झाली. तिच्यानुसार चर्म सुमारे ८५ टक्के संभाव्यतेने १२५२ ते १३१२ या काळातील आहे. पत्र आधुनिक बनावट असल्याचा संशय यामुळे मिटला, पण १२९१ सिद्ध झाले नाही. शिवाय ही चाचणी चर्माचे वय सांगते, शाईचे नव्हे. झुरिकचे इतिहासकार रॉजर साब्लोनिए यांनी २००८ मध्ये असे मत मांडले की, पत्र १३०९ च्या सुमारास तयार होऊन त्यावर मागची तारीख घातली गेली असावी. जर्मन राजा सातव्या हेन्रीने त्या वर्षी खोऱ्यांचे हक्क मान्य केले होते आणि वेर्नर फोन होमबेर्ग हा तेथे राजप्रतिनिधी होता. हे मत सर्वमान्य नाही. तथापि, पत्र म्हणजे राज्यस्थापना नसून शांतता राखण्याचा त्या काळी सर्रास होणारा स्थानिक करार होय, हा त्यांच्या मांडणीचा गाभा अधिक पटण्याजोगा आहे. तत्कालीन जर्मन प्रदेशांत असे करार अनेक होते. एवढे कौतुक मात्र याच एकाच्या वाट्याला आले.

विस्मृती व पुनःशोध : हॅप्सबर्ग सैन्याविरुद्धच्या मोरगार्टेनच्या लढाईनंतर (१५ नोव्हेंबर १३१५) तिन्ही खोऱ्यांनी ९ डिसेंबर १३१५ रोजी ब्रुनेन येथे जर्मन भाषेत नवा करार केला. पुढे कित्येक शतके संघाचा मूळ करार म्हणून त्याचाच हवाला दिला जाई. लोकमानसात तर कागदपत्रांपेक्षा कथाच अधिक रुजली. सुमारे १४७० च्या ‘सार्नेनच्या श्वेत ग्रंथा’त (ओबवाल्डनमधील हस्तलिखित) टेलची गोष्ट व रूट्लीवरील शपथ आढळते. १६ व्या शतकात स्विस इतिहासकार एगिडिउस चुडी याने या शपथेला ८ नोव्हेंबर १३०७ अशी नेमकी तारीख बहाल केली. बाणाने सफरचंद उडवण्याची कथा डेन्मार्कच्या साक्सो ग्रामाटिकुस याच्या बखरीतही, टोको नावाच्या धनुर्धराच्या नावे, येते. टेल ही डॅनिश दंतकथा असल्याचे सांगणारी पुस्तिका १७६० मध्ये निघाली, तेव्हा ऊरीत ती जाळण्यात आली.

योगायोगाने त्याच वर्षी बाझेलच्या योहान हाइनरिख ग्लेझर याने १२९१ चे पत्र छापून प्रसिद्ध केले. १९ व्या शतकात ल्यूसर्नच्या योझेफ ऑयटिख कोप या इतिहासकाराने दंतकथा व दस्तऐवज यांची फारकत केली आणि पत्राचे महत्त्व वाढले. १८४८ च्या राज्यघटनेनंतर नव्या संघराज्याला जन्मदाखला हवा होता. बर्न शहर ११९१ मध्ये वसले असल्याने त्याचा सातशेवा वर्धापनदिन व संघाचा सहाशेवा असे दोन्ही उत्सव १८९१ मध्ये जुळून आले. ऊरीला मात्र आपले १३०७ सोडवेना. आल्टडोर्फ येथे १८९५ मध्ये उभारलेल्या टेलच्या पुतळ्याखाली तेच वर्ष कोरलेले आहे.

पत्रातील ‘ऑगस्ट महिन्याच्या प्रारंभी’ या नोंदीवरून ठरलेला राष्ट्रीय दिन (१ ऑगस्ट) १८९९ पासून दरवर्षी पाळला जातो. देशभर सार्वजनिक सुटी मात्र १९९३ च्या सार्वमतानंतर, १९९४ पासून मिळू लागली. मूळ पत्र श्वीट्स गावातील, १९३६ मध्ये खास बांधलेल्या इमारतीत ठेवलेले आहे. ‘संघपत्र अभिलेखागार’ हे तिचे पूर्वीचे नाव बदलून आता ‘संघपत्र संग्रहालय’ असे झाले आहे. दंतकथा आणि दस्तऐवज दोन्ही तेथे शेजारी-शेजारी मांडलेले असतात.