किरणोत्सवाचा हिशेब

नोव्हेंबर उजाडला की तो मेसेज फिरायला लागतोच: ‘कोल्हापूरच्या अंबाबाईच्या मूर्तीवर ठरावीक दिवशीच किरणं पडतात, नासालाही कोडं सुटलेलं नाही!’ नासाला कशाला त्रास? शाळेतला भूगोल आणि थोडी त्रिकोणमिती पुरते.

किरणोत्सव म्हणजे मावळतीची किरणं देवळाच्या पश्चिमेच्या महाद्वारातून शिरून थेट गाभाऱ्यातल्या मूर्तीवर पडतात ते दिवस. त्याच्या पारंपरिक तारखाच बघा. ९, १०, ११ नोव्हेंबर; ३१ जानेवारी, १ आणि २ फेब्रुवारी. १० नोव्हेंबरपासून २२ डिसेंबरपर्यंत, म्हणजे सूर्य दक्षिणेकडून परत फिरतो तोवर, ४२ दिवस, तिथून १ फेब्रुवारीपर्यंत ४१. सूर्य दक्षिणेकडे जाताना जिथे मावळतो, परत फिरल्यावर पुन्हा तिथेच मावळतो. कोल्हापूरच्या १६.७ उत्तर अक्षांशावर ही जागा नेमक्या पश्चिमेच्या १७-१८ अंश दक्षिणेला येते. गाभाऱ्यातून महाद्वाराबाहेर जाणारी मोकळी रेघ तिकडेच रोखलेली आहे. या दिवसांत मावळतीची जागा रोज साधारण ०.३ अंश सरकते, म्हणून खेळ दोन-तीन दिवसांत आटोपतो. हीच रेघ २२ डिसेंबरच्या मावळतीवर धरली असती, तर सूर्य जागचा फारसा हलत नसल्यानं किरणं पंधरवडाभर तरी आली असती.

खरी गंमत त्या काही मिनिटांत आहे. सूर्य खाली उतरतो तसा झोत आत शिरतो आणि वर चढतो: गरुड मंडप, गणपती चौक, कासव चौक, पितळी उंबरा, मग चरण, कंबर, मुख. सूर्याला एक अंश उतरायला सुमारे साडेचार मिनिटं लागतात; तेवढ्यात शंभर फुटांवरचा झोत पावणेदोन फूट चढतो. शिवाय आपल्याकडे सूर्य सरळ खाली न जाता उजवीकडे, म्हणजे उत्तरेकडे, तिरपा उतरतो. त्यामुळे झोत दक्षिणेला, देवीच्या डावीकडे सरकत निघून जातो. सूर्यबिंब स्वतःच अर्ध्या अंशाचं असल्यानं शंभर फुटांवर झोताची कड जवळजवळ फूटभर पुसट होते. किरणं गळ्यापर्यंत आली की हनुवटीपर्यंत, हा दरवर्षीचा वाद मला म्हणूनच निरर्थक वाटतो.

आणि एखाद्या वर्षी किरणं पोचली नाहीत की ‘देवी कोपली’ सुरू! क्षितिजाजवळचा प्रकाश डोक्यावरच्या सूर्यापेक्षा वीसपटीहून जास्त हवेतून येतो. त्यात ढग, धुकं, ऊसतोडीनंतर पेटवलेल्या पाल्याचा धूर. शिवाय महाद्वार रोडवरची बांधकामं. पाचशे फुटांवर एक अंश म्हणजे पावणेनऊ फूट. तेवढा सूर्य झाकायला गच्चीवरची एक पत्र्याची शेड पुरते, आणि ती काढायला नवस लागत नाही.