कुरसुरा पाणबुडी आणि विशाखापट्टणमचे बंदर : एका दिवसाच्या मार्गदर्शित सहलीचे माहितीपत्रक

ही सहल विशाखापट्टणममध्ये एका दिवसात पूर्ण होते. सकाळी बंदर, दुपारनंतर पाणबुडी, म्हणजे रामकृष्ण बीचवर संग्रहालय म्हणून ठेवलेली नौदलाची निवृत्त कुरसुरा. क्रम उलटा करता येईल का, असे बरेच जण विचारतात. तो करता येत नाही, कारण पाणबुडी संग्रहालय मंगळवार ते शनिवार साधारण दुपारी २ वाजता उघडते. शिवाय बंदराचे अरुंद तोंड एकदा उंचावरून पाहिले की पाणबुडीची लांबी, तिचे वळणे आणि तिला लागणारे खोल पाणी यांचा अंदाज येतो. मग आतल्या यंत्रांकडे बघण्याची नजर बदलते.

दिवस ठरवताना

सोमवारी पाणबुडी बंद असते. रेल्वेचे तिकीट काढण्याआधी एवढे बघाच. सोमवारी पोहोचून मंगळवारी सकाळी परत निघणाऱ्यांना पाणबुडी बाहेरूनच बघावी लागते. रविवारी आणि सुटीच्या दिवशी ती सकाळीही उघडते, पण तेव्हा सगळे शहर रामकृष्ण बीचवर लोटलेले असते आणि आत क्षणभर थांबायलाही मिळत नाही. आमचा सल्ला मंगळवार ते गुरुवारचा. वेळा अधूनमधून बदलतात, म्हणून आदल्या संध्याकाळी आम्ही खात्री करून निरोप देतो.

ऑक्टोबर-नोव्हेंबर हा बंगालच्या उपसागरातील वादळांचा काळ. १२ ऑक्टोबर २०१४ रोजी हुदहुद चक्रीवादळ याच शहरावर धडकले होते. वादळाचा इशारा असेल तर किनाऱ्यावरचा कार्यक्रम रद्द होतो, त्यात घासाघीस नाही. नौदल दिन ४ डिसेंबरला असतो. त्याचे प्रात्यक्षिक ज्या वर्षी इथे असेल त्या वर्षी सरावासाठी बीच रोड बंद ठेवतात. (२०२३ मध्ये मुख्य प्रात्यक्षिक आपल्याकडे, सिंधुदुर्गात झाले होते.) हवामानाचे म्हणाल तर डिसेंबरअखेर ते फेब्रुवारी उत्तम. एप्रिल-मेमध्ये दमट उकाडा असतो. मुंबईकरांना त्याची सवय असते, नागपूरकरांना कोरडे ऊन सोसते पण हा घाम सोसत नाही.

सकाळ : बंदर

सकाळी ६ ला मासळी बंदर. लिलाव, बर्फ, जाळी, रंगीत ट्रॉलर हे सगळे तासाभरात बघून होते. जमीन निसरडी असते, रबरी तळव्याची पादत्राणे घाला. वास सहन होत नसेल तर गाडीत बसून राहा, कोणी काही म्हणणार नाही.

त्यानंतर रॉस हिल. बंदराच्या तोंडाशी शेजारी-शेजारी तीन टेकड्या आहेत, एकीवर चर्च, दुसरीवर व्यंकटेश्वराचे देऊळ, तिसरीवर दर्गा. चर्चच्या आवारातून खाली पाहिले की जहाजे आत येण्याचा चिंचोळा मार्ग अगदी पायथ्याशी दिसतो. पलीकडे १७४ मीटर उंचीचा डोंगर सरळ समुद्रात घुसलेला आहे, तोच डॉल्फिन्स नोज. नैऋत्य मोसमी वाऱ्याच्या लाटा तो अंगावर घेतो, म्हणून त्याच्या आडोशाला बंदर झाले. त्याआधी जहाजे उघड्या समुद्रात नांगर टाकून उभी राहत आणि माल मसुला होड्यांतून लाटांवरून किनाऱ्याला येई. खिळा न मारता फळ्या काथ्याने शिवलेल्या या होड्या. आपटल्या तरी फुटत नसत, नुसत्या वाकत.

हे बंदर बांधले बंगाल-नागपूर रेल्वेने, १९२७ ते १९३३ या काळात, आणि कारण होते मध्य प्रांतातले मँगनीज. भंडारा-नागपूरकडच्या खाणींतला माल मुंबईला न्यायचा म्हणजे लांबचा पल्ला, त्यापेक्षा पूर्व किनारा जवळ. ओहोळ आणि खाजणाची दलदल उपसून आतले बंदर तयार केले. ७ ऑक्टोबर १९३३ रोजी ‘जलदुर्गा’ हे पहिले जहाज आत आले. ते सिंधिया स्टीम नॅव्हिगेशन कंपनीचे, म्हणजे सोलापूरच्या वालचंद हिराचंदांनी सहकाऱ्यांबरोबर १९१९ मध्ये काढलेल्या कंपनीचे. त्याच कंपनीच्या इथल्या जहाजबांधणी गोदीची पायाभरणी जून १९४१ मध्ये राजेंद्रप्रसादांच्या हस्ते झाली आणि १४ मार्च १९४८ रोजी ‘जलउषा’ पाण्यात उतरली, स्वतंत्र भारतात बांधून उतरलेले पहिले मोठे जहाज. गोदी पुढे सरकारी झाली, तरी त्या भागाला लोक अजून ‘सिंधिया’च म्हणतात. गोदीत प्रवेश नाही, ती लांबूनच दाखवतो.

मुंबईच्या इंदिरा गोदीला पाणी अडवून धरायला झडपांचे दार लागते, कारण तिथे मोठ्या भरतीला पाणी चार-पाच मीटरने चढते-उतरते. इथला फरक जेमतेम दीड मीटरच्या आसपास, त्यामुळे धक्के थेट उघड्या पाण्यावर आहेत. इथली डोकेदुखी आहे वाळू. किनाऱ्याला समांतर वाहणारा प्रवाह दक्षिणेकडून उत्तरेकडे वाळू ढकलत असतो आणि ती नेमकी बंदराच्या तोंडाशी साचते. बंदर खुले ठेवायला सतत उपसा करावा लागतो. पण वाळू इथे अडली की उत्तरेचा रामकृष्ण बीच उपाशी राहतो, समुद्र तो खात जातो. म्हणून उपसलेली वाळू पंपाने पुन्हा त्या किनाऱ्यावर टाकतात. दुपारी तुम्ही पाणबुडीपाशी उभे राहाल तेव्हा पायाखाली यातलीच काही वाळू असण्याची शक्यता बरीच आहे.

रॉस हिलवरून नौदलाचा तळही नजरेच्या टप्प्यात येतो. पूर्व नौदल कमांडचे मुख्यालय याच शहरात आहे. धक्क्यावरच्या युद्धनौकांकडे कॅमेरा किंवा मोबाइल रोखू नका. ड्रोन तर सामानातसुद्धा आणू नका. डॉल्फिन्स नोजवरचे दीपगृह पाहण्याची वेळ दुपारची आणि थोडकी असते, ती पाणबुडीच्या वेळेवर आदळते, म्हणून आम्ही ते या सहलीत घेत नाही.

दुपार : कुरसुरा

आय.एन.एस. कुरसुरा ही भारतीय नौदलाची चौथी पाणबुडी, सोव्हिएत बनावटीची. १८ डिसेंबर १९६९ ला नौदलात दाखल झाली, २७ फेब्रुवारी २००१ ला निवृत्त झाली. १९७१ च्या युद्धात ती अरबी समुद्रात गस्तीवर होती. तिच्या तीन थोरल्या बहिणी कलवरी, खांदेरी आणि करंज. खांदेरी म्हणजे थळच्या समोरचा शिवकालीन जलदुर्ग, हे आपल्या मंडळींना सांगायला नको. निवृत्तीनंतर कुरसुराला किनाऱ्यावर ओढून पक्क्या पायावर बसवायचे काम सुमारे दीड वर्ष चालले. ऑगस्ट २००२ पासून ती लोकांसाठी खुली आहे.

आत गेल्यावर रांग सरकत राहते आणि तिथले मार्गदर्शक तेलुगू, हिंदी किंवा इंग्रजीत भराभर सांगतात. म्हणून मराठीतली सगळी माहिती आम्ही आत शिरण्याआधी, बाहेर सावलीत, साधारण पंचवीस मिनिटांत देतो. ती चुकवून थेट रांगेत घुसलात तर आत नुसते पाइप आणि चाके दिसतील.

बाहेरून दिसते ते तिचे वरचे कवच, पातळ पत्र्याचे. माणसे राहतात ती आतल्या जाड पोलादी नळकांड्यात. दर दहा मीटर खोलीला एक वातावरणाचा दाब वाढतो, म्हणजे अडीचशे मीटरवर प्रत्येक चौरस सेंटीमीटरवर सुमारे पंचवीस किलोचा भार. तो झेलायला गोल आकारच लागतो. दोन कवचांच्या मध्ये टाक्या आहेत. वरच्या झडपा उघडल्या की हवा निघून जाते, खालून समुद्राचे पाणी भरते आणि पाणबुडी बुडते. वर यायचे तर दाबाखालची हवा सोडून तेच पाणी बाहेर ढकलायचे. तिचे विस्थापन, म्हणजे ती बाजूला सारते त्या पाण्याचे वजन, पाण्यावर असताना १,९५० टन, पाण्याखाली २,४७५ टन. मधला सव्वापाचशे टनांचा फरक म्हणजे हे पाणी.

लांबी ९१.३ मीटर, आत सात कप्पे, आणि तुम्ही नाकाकडून शेपटीकडे जाता. पहिला कप्पा पुढच्या टॉर्पेडोंचा, म्हणजे पाण्याखालून जहाजांवर सोडायच्या स्फोटक अस्त्रांचा. इथे सहा नळ्या, मागच्या टोकाला आणखी चार, व्यास ५३३ मिलिमीटर, एकूण २२ टॉर्पेडो मावत. खलाशांची झोपायची फळकुटे त्याच कप्प्यात आहेत, ती नीट बघा. पुढे अधिकाऱ्यांच्या खोल्या, पायाखाली बॅटऱ्या. मग नियंत्रण कक्ष. इथे पेरिस्कोप, खोलीमापक आणि झडपांची चाके आहेत, सगळ्यात जास्त गर्दीही इथेच तुंबते. त्यानंतर खलाशांची राहण्याची जागा व स्वयंपाकघर, पुन्हा खाली बॅटऱ्या. मग तीन डिझेल इंजिने, प्रत्येकी २,००० अश्वशक्तीची. मग विजेच्या मोटारी, आणि शेवटी मागच्या टॉर्पेडो नळ्या. एवढ्या जागेत ७५ माणसे राहत.

डिझेलला हवा लागते, म्हणून पाण्याखाली सगळा कारभार बॅटरीवर. संथ चालले तर ती काही दिवस पुरते, पूर्ण वेगाने पळाले तर तास-दोन तासांत संपते. मग पृष्ठभागाजवळ येऊन, हवेची नळी वर काढून, इंजिने चालवून ती भरायची. भरताना हायड्रोजन सुटतो. हवेत त्याचे प्रमाण चार टक्क्यांवर गेले की ठिणगीने स्फोट होऊ शकतो. बॅटरीच्या आम्लात समुद्राचे पाणी शिरले तर विषारी क्लोरीन होतो. आतल्या माणसाला शत्रूइतकीच आपल्या बॅटरीचीही धास्ती असे.

आत चालण्याची रीत

प्रेक्षकांसाठी बाजूने दार व जिना केला आहे, त्यामुळे खलाशांसारखे वरच्या झाकणातून शिडीने उतरावे लागत नाही. पण कप्प्यांमधली गोल दारे मूळचीच आहेत. आधी एक पाय पलीकडे टाका, मग कंबरेतून वाकून डोके आणि खांदे न्या, शेवटी मागचा पाय. बहुतेकांचे डोके आत जाताना नाही, तर पलीकडे गेल्यावर लगेच ताठ उभे राहताना आपटते. तेव्हा आधी वर बघा, मग सरळ व्हा. पाठीवरची पिशवी पुढे घ्या किंवा गाडीत ठेवा. साडी चालते, निऱ्या वर खोचून घ्या. कडेवर मूल घेऊन दार ओलांडू नका. पुढच्या माणसाने पलीकडे जाऊन मुलाला हातात घ्यावे.

गुडघ्याचे दुखणे, नुकतीच झालेली शस्त्रक्रिया किंवा गरोदरपण असेल तर बाहेरच थांबलेले बरे. चाकाची खुर्ची आत जात नाही. बंद जागेची भीती वाटत असेल तर पहिल्या कप्प्यातच आमच्या माणसाला सांगा, तिथून परत फिरता येते. मधल्या कप्प्यांतून उलटे येणे कठीण, मागे सगळी रांग असते. आत स्वच्छतागृह नाही. चाके, कळा, झडपा यांना हात लावू नका. फोटोचे नियम त्या दिवशी दारावर विचारून सांगतो. आतली फेरी वीस ते तीस मिनिटांची.

बाहेर आल्यावर रस्त्यापलीकडे टीयू-१४२ विमानाचे संग्रहालय आहे. पाणबुड्या हुडकणे हेच या विमानाचे काम, नौदलात ते १९८८ ते २०१७ होते. शेवटी १९७१ च्या विजयाचे स्मारक. पाकिस्तानी पाणबुडी गाझी ३-४ डिसेंबर १९७१ च्या रात्री याच बंदराबाहेर बुडाली. भारताच्या म्हणण्यानुसार आय.एन.एस. राजपूतने टाकलेल्या, पाण्यात खोलवर फुटणाऱ्या बॉम्बमुळे (डेप्थ चार्ज), पाकिस्तानच्या म्हणण्यानुसार अपघाताने. दोन्ही बाजू आम्ही सांगतो, वाद घालत नाही.

पैशांबाबत

आमच्या दरात गाडी, नाश्ता, मराठी मार्गदर्शक आणि संग्रहालयांची तिकिटे येतात. जेवण येत नाही. वादळामुळे किंवा अचानक संग्रहालय बंद ठेवल्याने पाणबुडी पाहता आली नाही, तर तिकिटाची रक्कम परत मिळते आणि त्या वेळात विशाखा संग्रहालय दाखवतो. दारापर्यंत जाऊन आत न शिरण्याचे तुम्ही ठरवलेत तर तिकीट परत होत नाही. नाव नोंदवताना वय आणि गुडघे-कंबरेचा त्रास असल्यास तो कळवा, म्हणजे रांगेत तुमच्या मागे-पुढे कोणाला ठेवायचे ते आधीच ठरवता येईल.