गेमनिहाय ग्राफिक्स प्रोफाइल

एखाद्या ठरावीक गेमपुरतीच लागू होणारी आणि ग्राफिक्स कार्डाच्या ड्रायव्हरने (कार्ड चालवणाऱ्या सॉफ्टवेअरने) स्वतःकडे नोंदवून ठेवलेली सेटिंग्ज म्हणजे त्या गेमचे प्रोफाइल. गेम सुरू झाला की ती आपोआप अमलात येतात. बाकीची सगळी कामे पूर्वीच्याच सर्वसाधारण सेटिंग्जवर चालू राहतात. एनव्हिडियाच्या कंट्रोल पॅनेलमध्ये ‘मॅनेज थ्रीडी सेटिंग्ज’ पानावरच्या ‘प्रोग्रॅम सेटिंग्ज’ टॅबमध्ये ही सोय आहे, तसेच नोव्हेंबर २०२४मध्ये बीटाबाहेर आलेल्या एनव्हिडिया अ‍ॅपच्या ‘ग्राफिक्स’ विभागातही आहे. एएमडीच्या अ‍ॅड्रेनालिन सॉफ्टवेअरमध्ये ‘गेमिंग’ टॅब उघडून गेमच्या नावावर क्लिक केले की त्या गेमचे प्रोफाइल समोर येते. इंटेलच्या आर्क कार्डांसोबत मिळणाऱ्या सॉफ्टवेअरमध्येही अशी सोय आहे.

याच सॉफ्टवेअरमध्ये ‘ऑप्टिमाइझ’ नावाचे एक बटण असते आणि त्याची प्रोफाइलशी नेहमी गल्लत होते. २०१३मध्ये आलेल्या जीफोर्स एक्सपिरियन्सपासून ते लोकांच्या परिचयाचे आहे. ते बटण गेमच्या स्वतःच्या कॉन्फिग फाइलमध्ये बदल करते, म्हणजे सावल्या, टेक्श्चर, रिझोल्यूशन वगैरे गेमच्या मेनूत दिसणाऱ्याच गोष्टी हलवते. प्रोफाइल गेमच्या फाइलींना हातही लावत नाही. ते ड्रायव्हरच्या पातळीवर काम करते, त्यामुळे गेमच्या मेनूत त्याचा मागमूस दिसत नाही. सहा महिन्यांपूर्वी लावलेली फ्रेम मर्यादा (सेकंदाला जास्तीत जास्त किती चित्रे दाखवायची ती सीमा) विसरून लोक गेमला दोष देत बसतात, त्याचे कारण हेच.

गेम कसा ओळखला जातो

गेम सुरू होताना ड्रायव्हरचा एक भाग त्या गेमच्याच प्रोसेसमध्ये लोड होतो. हा भाग प्रोसेसच्या ईएक्सई फाइलचे, म्हणजे प्रोग्रॅम चालवणाऱ्या मूळ फाइलचे, नाव पाहतो आणि आपल्या नोंदवहीत ते शोधतो. नोंद सापडली तर तिच्यातली सेटिंग्ज, नाही तर सर्वसाधारण सेटिंग्ज. एनव्हिडियाची ही नोंदवही विंडोजच्या ‘प्रोग्रॅमडेटा’ फोल्डरमध्ये बायनरी स्वरूपात असते. तिच्यात एका प्रोफाइलखाली अनेक ईएक्सई जोडता येतात, आणि कंपनीने आधीच तयार करून ठेवलेली हजारो प्रोफाइले तिच्यात असतात. वापरकर्ता ‘नवे’ प्रोफाइल बनवतो तेव्हा बहुधा तो कंपनीच्या प्रोफाइलवरच आपले बदल चढवत असतो. ‘रिस्टोअर’ दाबल्यावर सेटिंग्ज कोरी होत नाहीत, कंपनीने ठरवलेल्या मूल्यांवर जातात, तेही याचमुळे. शोध गेम सुरू होतानाच घेतला जात असल्याने चालू गेममध्ये केलेला बदल बहुतेक वेळा तो बंद करून पुन्हा उघडल्यावरच दिसतो.

बहुतेक अडचणी नावापाशीच येतात. अनेक गेममध्ये डेस्कटॉपवरच्या शॉर्टकटमागे फक्त लाँचर, म्हणजे खरा गेम सुरू करून देणारा प्रोग्रॅम, असतो. त्याला प्रोफाइल लावून काहीच होत नाही. अनरिअल इंजिनवर बनलेल्या बऱ्याच गेमची खरी ईएक्सई आतल्या ‘बायनरीज’ फोल्डरमध्ये असते आणि तिच्या नावात ‘विन६४-शिपिंग’ असे शब्द असतात. माइनक्राफ्टची जावा आवृत्ती ‘जावाडब्ल्यू’ या नावाने चालते, म्हणून तिच्यासाठी केलेले प्रोफाइल त्याच नावाने चालणाऱ्या दुसऱ्या जावा प्रोग्रॅमलाही लागू शकते. एम्युलेटरमध्ये (दुसऱ्या यंत्रांचे गेम चालवणाऱ्या प्रोग्रॅममध्ये) ईएक्सई एकच आणि गेम शेकडो, त्यामुळे तिथे प्रोफाइल गेमनिहाय न राहता एम्युलेटरनिहाय होते. मायक्रोसॉफ्ट स्टोअरवरून घेतलेल्या काही गेमच्या फाइली संरक्षित फोल्डरमध्ये असल्याने ‘ब्राउझ’ करून तिथे पोचता येत नाही. सगळ्यांत सोपा मार्ग म्हणजे गेम चालू ठेवून टास्क मॅनेजरच्या ‘डिटेल्स’ टॅबमध्ये खरे नाव पाहणे. प्रोफाइल ‘चालत नाही’ अशी तक्रार असली की आधी हे करून बघावे.

गेमचे सेटिंग आणि ड्रायव्हरचे सेटिंग

प्रोफाइलमधल्या बऱ्याच ओळींसमोर ‘अ‍ॅप्लिकेशन-कंट्रोल्ड’ असे लिहिलेले असते, म्हणजे निर्णय गेमवर सोडलेला असतो. ती ओळ बदलली की ड्रायव्हर गेमची विनंती बाजूला सारून स्वतःचे मूल्य वापरतो. डायरेक्टएक्स म्हणजे गेमने ग्राफिक्स कार्डाशी बोलण्याची मायक्रोसॉफ्टची पद्धत; तिच्या ९व्या आवृत्तीच्या काळात हे अधिकार फार मोठे होते. गेममध्ये अँटी-अलायझिंगचा पर्यायच नसला तरी ड्रायव्हरकडून ते लादता येई आणि दातेरी कडा गुळगुळीत होत. पुढे डिफर्ड रेंडरिंगचा प्रसार झाला, आणि गेम अंतिम चित्र अनेक मधल्या बफरांतून (तात्पुरत्या चित्रांतून) जुळवू लागले. त्यातल्या कुठल्या बफरवर अँटी-अलायझिंग करायचे हे ड्रायव्हरला बाहेरून कळेना. हौशी मंडळींनी ‘एनव्हिडिया प्रोफाइल इन्स्पेक्टर’सारख्या साधनातून एकेका गेमसाठी सुसंगततेचे हेक्साडेसिमल आकडे शोधून काढले, पण हा चिकाटीचा मार्ग ठरावीक जुन्या गेमपुरताच उरला आहे.

डायरेक्टएक्स १२ आणि तशीच दुसरी पद्धत व्हल्कन यांनी चित्र आणखी पालटले. या दोन्हींत मेमरी, फ्रेमची रांग, समक्रमण हे सारे गेमच्या हाती दिलेले आहे. एनव्हिडियाचा ‘लो लेटन्सी मोड’ डायरेक्टएक्स ९ आणि ११मध्ये फ्रेमची रांग आखूड करतो. १२ आणि व्हल्कनमध्ये ती रांग गेमच सांभाळतो, म्हणून तिथे हे सेटिंग लावले तरी त्याचा उपयोग होत नाही. अशा गेममध्ये रिफ्लेक्स, म्हणजे विलंब कमी करणारी एनव्हिडियाची सोय, असेल तर ते गेमच्या मेनूतून सुरू करावे. प्रत्येक गेमच्या प्रोफाइलमध्ये वीस-वीस ओळी बदलायला सांगणाऱ्या मार्गदर्शिका फिरत असतात. त्यांतला बराच भाग जुन्या डायरेक्टएक्सच्या काळातून उतरवलेला असतो आणि आजच्या गेमवर त्याचा काडीचाही परिणाम होत नाही.

काय बदलण्यासारखे आहे

आज प्रोफाइलमधली सर्वांत उपयोगी ओळ फ्रेम मर्यादेची. एनव्हिडियाने ती जानेवारी २०२०मध्ये थेट कंट्रोल पॅनेलमध्ये आणली; त्याआधी तिच्यासाठी रिवाट्यूनर स्टॅटिस्टिक्स सर्व्हरसारखे वेगळे साधन लागे, आणि तेही ईएक्सईनुसारच प्रोफाइल ठेवते. मर्यादेची गरज गेमप्रमाणे बदलते, म्हणून ती सर्वसाधारण सेटिंगमध्ये घालण्यापेक्षा प्रोफाइलमध्ये शोभते. २०११च्या स्कायरिममध्ये भौतिकीचे गणित फ्रेम रेटला बांधलेले होते. सेकंदाला ६० फ्रेमच्या बऱ्याच वर गेल्यावर टेबलावरची भांडी आपोआप उडू लागत. तिथे ६०ची मर्यादा हाच उपाय. २०१०मध्ये स्टारक्राफ्ट २च्या मेनूत फ्रेम रेटला लगाम नव्हता आणि साधे चित्र दाखवताना कार्डे तापत होती. तेव्हा ब्लिझार्डने कॉन्फिग फाइलमध्ये खेळासाठी ६० आणि मेनूसाठी ३० अशी मर्यादा लिहायला सांगितली होती. आज हेच काम प्रोफाइलमधली एक ओळ करते.

जी-सिंक किंवा फ्रीसिंक (मॉनिटरचा रिफ्रेश रेट गेमच्या फ्रेम रेटशी जुळवणारी सोय) असलेल्या मॉनिटरवर मर्यादा रिफ्रेश रेटच्या किंचित खाली ठेवतात, म्हणजे १४४ हर्ट्झच्या मॉनिटरवर १४१च्या आसपास. फ्रेम रेट मॉनिटरच्या कमाल मर्यादेला टेकला की व्हेरिएबल रिफ्रेश थांबतो आणि व्ही-सिंकचा (फ्रेमला मॉनिटरच्या पुढच्या रिफ्रेशपर्यंत थांबवण्याचा) उशीर सुरू होतो. तीन फ्रेमची मोकळीक तो टाळते. गेमच्या मेनूतच मर्यादा असेल तर बहुधा तीच चांगली, कारण ती इनपुट वाचण्याआधी थांबते आणि विलंब कमी राहतो. दोन-तीन ठिकाणी एकाच वेळी मर्यादा लावणे मात्र टाळावे. मग अडखळ कुठून येते ते शोधता येत नाही.

‘पॉवर मॅनेजमेंट मोड’ही गेमनिहायच ठेवावा. ‘प्रिफर मॅक्सिमम परफॉर्मन्स’ सर्वसाधारण सेटिंगमध्ये लावले तर कार्ड डेस्कटॉपवरही वरच्या घड्याळगतीवर राहू शकते. वीज आणि पंख्याचा आवाज दोन्ही वाया. हलक्या, जुन्या गेममध्ये कार्ड वारंवार गती उतरवत असल्याने अडखळ होत असेल तर तेवढ्या गेमला ते द्यावे. अ‍ॅनिसोट्रॉपिक फिल्टरिंग १६ पट करणे आधुनिक कार्डाला जवळजवळ फुकट पडते आणि तिरप्या जमिनीवरचे टेक्श्चर लगेच स्वच्छ होते. पण गेममध्ये तो पर्याय असेल तर तिथूनच निवडावा, कारण बाहेरून लादल्यावर काही गेममध्ये चित्रदोष उमटतात.

एएमडीचे ‘रेडिऑन चिल’ हे प्रोफाइलसाठीच जन्मलेले सेटिंग वाटते. किमान आणि कमाल असे दोन फ्रेम रेट द्यायचे; खेळाडूचा हात थांबला की कार्ड किमानाकडे उतरते. वळणावळणाने खेळायच्या रणनीती गेममध्ये ते वरदान आहे, वेगवान नेमबाजीत बंद ठेवलेले बरे. घड्याळगती, व्होल्टेज आणि पंखा यांचे ट्यूनिंगही एएमडीच्या सॉफ्टवेअरमध्ये गेमनिहाय करता येते. २०१६मध्ये आरएक्स ४८० कार्डासोबत आलेल्या वॉटमॅन या ट्यूनिंगच्या साधनापासून ही परंपरा आहे. मात्र एका गेममध्ये तासन्‌तास टिकलेले कमी व्होल्टेज दुसऱ्यात पाच मिनिटांत कोसळू शकते, म्हणून हे प्रोफाइल आंधळेपणाने दुसऱ्या गेमला लावू नये.

इतिहास आणि विश्वासाचा प्रश्न

ड्रायव्हरने गेमचे नाव पाहून वागणे ही सोय म्हणून रुजली, पण तिची पहिली मोठी चर्चा वादातून झाली. २००१मध्ये एटीआय कंपनीच्या रेडिऑन ८५०० या कार्डाचा ड्रायव्हर ‘क्वेक ३’ची ईएक्सई ओळखून टेक्श्चरचा दर्जा उतरवतो आणि वेग वाढवतो, असे उघड झाले. परीक्षकांनी फाइलीतले ‘क्वेक’ हे नाव बदलून ‘क्वॅक’ केले तेव्हा वेग घटला आणि चित्र सुधारले. पुढच्या ड्रायव्हरमध्ये दर्जा पूर्ववत झाला. २००३मध्ये थ्रीडीमार्क चाचण्या बनवणाऱ्या फ्यूचरमार्कने असाच ठपका एनव्हिडियावर ठेवला. थ्रीडीमार्क०३ या चाचणीत कॅमेऱ्याचा मार्ग ठरलेला असल्याने, कधीच न दिसणारा भाग ड्रायव्हर रंगवतच नव्हता. या दोन प्रकरणांपासून ओळख आणि फसवणूक यांतली रेषा कुठे आहे हा प्रश्न कायम राहिला. चित्रात फरक न पाडता काम वाचवणे स्वीकारार्ह, खेळाडूला न सांगता चित्र बिघडवणे अस्वीकार्य, ही भूमिका योग्यच आहे.

दोन कार्डे जोडण्याच्या काळात प्रोफाइलशिवाय पान हलत नसे. एसएलआय (२००४) आणि क्रॉसफायर (२००५) या पद्धतींत फ्रेम कार्डांमध्ये कशा वाटायच्या ते गेमनुसार ठरे, आणि योग्य प्रोफाइल येईपर्यंत दुसरे कार्ड नुसते बसून राही. एनव्हिडियाने १ जानेवारी २०२१पासून आरटीएक्स २० मालिका व त्याआधीच्या कार्डांसाठी नवी एसएलआय प्रोफाइले देणे थांबवले. त्याच वर्षी रिसाइझेबल बारसाठी (प्रोसेसरला ग्राफिक्स कार्डाची सगळी मेमरी एकदम वापरू देणाऱ्या सोयीसाठी) मात्र प्रोफाइलचाच आधार घेतला गेला. काही गेममध्ये त्याने वेग घटत असल्याने एनव्हिडिया ते निवडक गेमच्या प्रोफाइलमध्येच सुरू करते.

ऑक्टोबर २०२३मध्ये विलंब कमी करणाऱ्या एएमडीच्या ‘अँटी-लॅग+’ने वेगळाच धोका दाखवला. हे वैशिष्ट्य गेमच्या इंजिनाच्या कोडमध्ये वळणे घालत असे. काउंटर-स्ट्राइक २मध्ये ते फसवणूक समजले गेले आणि खेळाडूंवर बंदी आली. एएमडीला ते मागे घ्यावे लागले. स्पर्धात्मक ऑनलाइन गेमच्या प्रोफाइलमध्ये नवे वैशिष्ट्य सुरू करण्याआधी गेमनिर्मात्याचा त्याला पाठिंबा आहे का, ते तपासलेले बरे.

इतर ठिकाणची प्रोफाइले

दोन जीपीयू (ग्राफिक्स चिप) असलेल्या लॅपटॉपमध्ये कोणता गेम कोणत्या जीपीयूवर चालावा हे पूर्वी ड्रायव्हरचे प्रोफाइल ठरवी. एनव्हिडियाच्या २०१०च्या ऑप्टिमस या जीपीयू बदलण्याच्या सोयीचा पायाच तो होता. २०१८पासून विंडोज १०ने ही निवड आपल्या ‘डिस्प्ले’ सेटिंग्जमध्ये घेतली आहे, आणि दोन्हींत विसंगती असेल तर विंडोजचे ऐकले जाते. लिनक्सवर मेसा हा मुक्तस्रोत ड्रायव्हर ‘डीआरआयआरसी’ या एक्सएमएल फाइलमधून प्रोग्रॅमनिहाय पर्याय वाचतो, एनव्हिडियाचा ड्रायव्हर जेसनसारख्या मजकुरी फाइलमधून. मजकुरी फाइलीचा मोठा फायदा म्हणजे तिची प्रत ठेवता येते.

विंडोजवर ही काळजी मुद्दाम घ्यावी लागते. ड्रायव्हर टाकताना ‘क्लीन इन्स्टॉलेशन’ निवडले की हाताने केलेले सगळे बदल पुसले जातात. प्रोफाइल इन्स्पेक्टरमधून बदललेली प्रोफाइले वेगळ्या फाइलमध्ये काढून ठेवता येतात, अ‍ॅड्रेनालिनमध्ये सेटिंग्जचा स्नॅपशॉट निर्यात करता येतो. नवा ड्रायव्हर टाकण्यापूर्वी हे आधी करावे. मोठ्या अद्ययावतीनंतर गेम डायरेक्टएक्स ११वरून १२वर गेला असेल किंवा त्याच्या ईएक्सईचे नाव बदलले असेल, तर जुने प्रोफाइल निरुपयोगी झालेले असते. ते काढून टाकून गेम आधी कोऱ्या सेटिंग्जवर चालवावा, आणि मग एकेक ओळ बदलत पुढे जावे.